पाहुणीचं वाळणं

पाहुणी आली ती कापडी पिशवीत बसून, डोक्यावर वर्तमानपत्राचं छप्पर घेऊन. सुईने तिला अलगद बाहेर काढलं, बाबांच्या खुर्चीशेजारी खिडकीच्या कट्ट्यावर ठेवलं आणि छप्पर उचललं. उथळ कुंडीत, मातीला अंग टेकून बसलेलं तळहाताएवढं रोप. रोप तरी कसलं, पानांचीच एक चकती. पानं जाडसर, कडेला दातेरी, अंगभर मऊ पांढरी लव. कुणीतरी मखमलीचं फूल करून जमिनीवर ठेवावं आणि उचलायला विसरावं, तशी.

"हिला आता उपाशी ठेवायचंय," सुई म्हणाली.

"आल्या आल्या?" बाबा म्हणाले. "लोक पाहुण्याला निदान पाणी तरी विचारतात."

"पाणीच विचारायचं नाही. बाकी काय हवं ते विचारा."

तेव्हापासून तिचं नाव पाहुणी पडलं. खरं नाव लांबलचक होतं, जिभेला गाठ मारणारं. ते सुईने एकदा सांगितलं आणि बाबांनी पुन्हा विचारलं नाही. या घरात खऱ्या नावांचं फारसं चालतच नसे. सुई जन्मली तेव्हा काडीसारखी होती आणि बोलू लागली ती टोचून, म्हणून आईने तिला सुई केलं. आता तिशी मागे टाकली तरी सुई ती सुईच. सरळ, बारीक, कुठे फाटलेलं दिसलं की शिवायला धावणारी. गावाबाहेर झाडांची मोठी बाग होती, तिच्यात काचघर होतं, तिथे ती कामाला होती.

बाबांचं नाव त्याहून न्यारं. नाटक कंपनीत त्यांनी उभा जन्म विंगेत काढला होता, प्रॉम्प्टर म्हणून. नट बोलता बोलता अडला की आडोशाला उभं राहून पुढचा शब्द त्याच्याकडे सरकवायचा, आणि तोही असा, की त्याला मिळावा पण पहिल्या रांगेला कळू नये. प्रेक्षकांनी त्यांना कधी पाहिलं नाही. कधी ऐकलं असतं तर ती बाबांची नामुष्की झाली असती. कंपनीत सगळे त्यांना 'आतला आवाज' म्हणत. कुणी म्हणालं, उद्यापासून विडी सोडली, की दुसरा विचारी, "आतल्या आवाजाने सांगितलं काय?" आणि पडद्यामागून बाबा म्हणत, "मी काही बोललेलो नाही."

कंपनी बंद पडली, खोड काही गेली नाही. भाजीवाली "आज वांगी..." म्हणून श्वास घ्यायला थांबली की बाबा म्हणायचे, "ताजी आहेत." ती वैतागायची. "शिळी आहेत, घेऊ नका, असं सांगत होते मी. आता घ्याच."

तर अशा घरात पाहुणी आली. ती का आली, ते सुईने त्याच संध्याकाळी जेवताना सांगितलं.

पाहुणीचं माहेर म्हणजे लांबवरचे उघडे कातळ. वर्षातले थोडे दिवस तिथे ओल, उरलेलं वर्ष नुसतं ऊन आणि वारा. फटीत चिमूटभर माती, त्या मातीत ही जात राहायची. पाणी संपलं की वाळून जायची, बोटांत धरली तर चुरा होईल इतकी. बघणारा म्हणे, मेली. मग ओल आली की दिवसा-दोन दिवसांत पानं उलगडून अशी हिरवीगार, की विचारावं, अगं होतीस कुठे? पण काचघरात आणलेल्या रोपांची पाण्याची धार पिढ्यान्‌पिढ्या तुटली नव्हती. छपराला नळ्या, नळ्यांतून धुकं. लाडाने पार बिघडली होती.

"वाळायचं कसं हेच त्यांना आता सुधरत नाही," सुई म्हणाली. "अशीच नेऊन कातळावर लावली तर पहिल्या वाऱ्यातच मरतील. म्हणून आधी शिकवायचं. सावलीत, हळूहळू. पहिली खेप सावकाश झाली आणि तिच्यातून ती उठली, की जमलं. मग वारा कितीही कडक सुटू दे."

"मग काचघरातच शिकवा की."

"तिथली हवाच ओली. तिथे रुमाल वाळत नाही, ही काय वाळणार?"

"बरं. वाळली, उठली. पुढे?"

सुईने ताटात बोट फिरवलं. "कातळाच्या पायथ्याशी एक ठाणं बांधलंय. तिथे न्यायची. मागून हिच्या बहिणी येतील. त्या रुजेपर्यंत कुणीतरी तिथे राहायला हवं. काही वर्षं." मग ती म्हणाली, "मला विचारलंय. मी हो म्हटलंय. ही वाळून उठली की आम्ही दोघी..."

वाक्य तिथेच राहिलं. पुढचा शब्द बाबांच्या ओठांवर येऊन उभा होता. जन्मात पहिल्यांदाच त्यांनी तो आत ओढून घेतला.

"मीठ कमी पडलंय का गं आज?" त्यांनी विचारलं.

आई गेल्यावर त्या दोन खोल्यांत बाप-लेक एकमेकांना टेकवून ठेवलेल्या दोन शिड्यांसारखे उभे होते. कोण कुणाच्या आधाराने उभं आहे, ते दोघांनाही सांगता आलं नसतं. सकाळी सुई पाहुणीची कुंडी स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवी, आकडा बघून पुन्हा कट्ट्यावर नेई, बाबांच्या गोळीसाठी पाण्याचा पेला भरून त्यांच्या हाताशी ठेवी आणि जिना उतरून जाई. मग खोलीत बाबा आणि पाहुणी. एकमेकांचं तोंड बघण्यापलीकडे दोघांनाही उद्योग नसे. ऊन कट्ट्यावरून सरकत जमिनीवर उतरे, जमिनीवरून भिंतीवर चढे, आणि त्याच्यामागोमाग बाबांचे डोळे फिरत. कधी वाटे, खोली फिरते आहे आणि ऊन जागेवर आहे.

आधी पाहुणीचा ताठा गेला. मग पानांच्या कडा सैल पडल्या. मग एके दुपारी एक पान कुंडीच्या काठावर मान टाकून पडलेलं दिसलं. सुईच्या आईने शेवटी शेवटी उशीवर मान टाकली होती ती अशीच, तोंड खिडकीकडे करून. बाबांनी गोळी घेतली. पेल्याच्या तळाशी अर्धा घोट पाणी उरलं होतं. पेला कलंडला. म्हणजे, हात कलंडला. म्हणजे, खरं सांगायचं तर, बाबांनीच कलंडवला.

संध्याकाळी पानाने मान उचललेली होती.

"आज बरी दिसते की ही," सुई वाकून म्हणाली.

"हवा दमट होती," बाबांनी सांगितलं. नटांना खोटी वाक्यं पुरवण्यात जन्म गेला, पण स्वतःचं एक खोटं बोलताना त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

पहिला घोट दयेचा होता. दुसरा मतलबाचा. वाळली की सुई जाणार. वाळलीच नाही तर? बाबांच्या मनाने हा प्रश्न मोठ्याने विचारला नाही. मनाच्या विंगेत कुणीतरी कुजबुजलं, इतकंच. अर्ध्या घोटाने काय होतंय, असं म्हणून ते रोज पेल्याच्या तळाशी तेवढं पाणी ठेवू लागले. पाहुणीही मोठी मानी. मरगळायची, घोटभर पिऊन सावरायची, पुन्हा मरगळायची. ना पुरती वाळे, ना पुरती फुले.

खालच्या मजल्यावर महाराज राहत. महाराज म्हणजे कंपनीतले राजाचं काम करणारे नट. आयुष्यभर त्यांनी दुसरं काम केलं नाही, त्यामुळे मुकुट गेला तरी चाल गेली नव्हती. रोज तिसऱ्या प्रहरी जिन्याचा कठडा धरून ते वर येत आणि सुईने थर्मासमध्ये करून ठेवलेला चहा पीत. एकदा ते जरा लवकर आले, आणि पेला कुंडीवर वाकलेला त्यांनी बघितला.

"विष घालतोयस की औषध?"

"पाणी आहे."

"पाणी चोरून घालावं लागतं होय? अरे आतल्या आवाजा, तू हळू बोलायचास ते ठीक. आता हळू वागायलाही लागलास?"

"तुम्ही चहा प्या."

महाराज बसले, चहा ओतून घेतला, पाहुणीकडे तिरक्या नजरेने पाहत राहिले. "पोरगी गेली की मला चहा कोण देणार, हा मोठा राजकीय प्रश्न आहे," ते म्हणाले. "मी तुझ्या बाजूने आहे. पण एक सांगतो. आमच्या नाटकात असं चोरून पाणी घालणारा माणूस तिसऱ्या अंकात सापडतो."

"हे काही नाटक नाही."

"तेच तर. नाटकात निदान पडदा पडतो."

एका संध्याकाळी सुई वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत बसली होती. बाबा मोजे जोडत होते. बोलता बोलता बाबांनी विचारलं, की ही वाळते म्हणजे तिच्या आत नेमकं होतं काय.

"आवराआवर," सुई म्हणाली. "पाणी एकदम जाऊ देत नाही ती. जसजसं पाणी जातं, तसतशी त्या जागी साखर भरत जाते. पाक होतो. पाक आटतो, घट्ट होतो, आणि शेवटी त्याची काच होते."

"साखरेची काच?"

"लिमलेटची गोळी नसते का? तशी. आतलं सगळं त्या काचेत जागच्या जागी थांबतं. काही मोडत नाही, काही चिकटत नाही. आणि हिरवा रंग असतो ना, तो पाणी नसताना घातकी. ऊन पडलं की आतूनच जाळतो. म्हणून पानं आत मुडपून घेते, हिरवं झाकते, वरून जांभळा पडदा ओढते."

"आम्ही मुक्काम हलवताना हेच करायचो," बाबा म्हणाले. त्यांचे डोळे लांब गेले. "आधी दिवे. मग पडदे. मग आरसे, गोधडीत गुंडाळून. ज्याचा त्याचा क्रम असायचा. घाई केली की आरसे फुटायचे."

"हिचेही फुटतात," सुई म्हणाली, आणि घडी गुडघ्यावर थापटून सारखी केली. घड्या घालताना तिची आई गुणगुणायची तेच ती नकळत गुणगुणू लागली:

*लेक निघाली दारातून, उंबऱ्याशी पाय अडे,*
*बाप बघे वर आभाळी, म्हणे ऊन किती पडे.*

बाबांनी एक मोजा दुसऱ्याच मोज्याशी जोडला.

दुसऱ्या दिवशी दुपारी खुर्चीत त्यांचा डोळा लागला आणि ते पाहुणीच्या पानात उतरले. कसे, ते विचारू नये. झोपेला दारं लागतात ती उलट्या बाजूने. आत एक नाटकगृह होतं, हिरव्या उजेडाचं. प्रयोग होऊन गेलेला. पाणी मागच्या दाराने हळूहळू चाललं होतं, पाऊल न वाजवता. त्याने सोडलेल्या जागेत पाक येत होता, कोमट, सोनेरी, रंगमंचाच्या फळ्यांवरून पसरत. कुणीतरी एकेका हिरव्या दिव्यावर रुमाल घालत होतं. जांभळे पडदे खाली येत होते आणि भिंती आपल्याआपण आत वळत होत्या, कागदाची होडी परत मिटावी तशा. नट आपापल्या जागी उभे होते. कुणाचा हात उचललेला, कुणाचे ओठ अर्धे उघडे. पाक त्यांच्या घोट्यांशी आला, कमरेशी आला, गळ्याशी आला. घाबरलेलं कुणी नव्हतं. विंगेत कुणीतरी गुणगुणत होतं, आणि तो आवाज बाबांना आपल्या उशीइतका ओळखीचा होता:

*वाळल्या पानाआड हिरवं निजलेलं,*
*हळू बोला बाई, स्वप्न भिजलेलं.*

"सगळ्यांची वाक्यं सांभाळा हं," सुईची आई म्हणाली. "उठल्यावर लागतील." बाबांनी मान हलवली. किती वर्षांनी तिने काहीतरी काम सांगितलं होतं.

तेवढ्यात छपरातून पाणी पडलं. फार नाही. अर्धा घोट.

पाक पातळ झाला. नट दचकून जागे झाले. उघडा, उघडा, प्रयोग आहे, अशी हाकाटी उठली. दिव्यांवरचे रुमाल निघाले, पडदे वर गेले, भिंती धापा टाकत सरळ झाल्या. आणि इतक्यात पाणी संपलं. पुन्हा आवरा. पुन्हा रुमाल, पुन्हा पडदे. पुन्हा छपरातून घोट. पुन्हा उघडा. असं होता होता साखरेच्या पोत्यात हात घातलेला हमाल तसाच थांबला, हात बाहेर काढून त्याने तळवा दाखवला. रिकामा. हमाल खाली बसले. नट खाली बसले. ती गुणगुणायची थांबली आणि तिने वर पाहिलं. छपराला भोक होतं, भोकातून एक पेला दिसत होता, पेला धरलेला हात दिसत होता. मनगटावरचा तीळ बाबांनी लगेच ओळखला.

ते जागे झाले तेव्हा ऊन भिंतीवर चढलं होतं. त्यांनी पाहुणीवर वाकून पाहिलं. मातीला टेकलेली तळची पानं काळपट झाली होती. एकाला बोट लावलं, तर ते भिजल्या कागदासारखं बोटाला चिकटून आलं.

सुई आली, पिशवी न ठेवताच कुंडीपाशी गेली, पान हुंगलं.

"हे वाळलेलं नाही," ती म्हणाली. "कुजलंय."

"अर्ध्यात उठवलं तर काय होतं गं हिला?" बाबांनी विचारलं.

सुईने त्यांच्याकडे बघितलं. जरा जास्तच वेळ बघितलं. "दर वेळी साठवलेलं खर्च होतं," ती म्हणाली. "पुन्हा आवरायला घ्यायचं तर बळ हवं ना? ते संपलं की मग वाळताही येत नाही आणि जगताही येत नाही."

"असं किती वेळा सोसते?"

"मला नाही माहीत, बाबा. असं करून कुणी बघत नाही."

दुसऱ्या दिवशी बाबांनी गोळी स्वयंपाकघरात जाऊन घेतली, भिंतीकडे तोंड करून, आणि पेल्यातलं उरलेलं पाणी मोरीत ओतलं. त्याच्या दुसऱ्या दिवशीही. हात सवयीने कट्ट्याकडे जाई, तो त्यांनी दुसऱ्या हाताने धरून ठेवायचा. हे इतकं अवघड असेल असं त्यांना वाटलं नव्हतं. विंगेत उभं राहून समोरचा माणूस वाक्य शोधत चाचपडताना बघायचं, ओठांवर शब्द तयार, आणि द्यायचा नाही. असली शिक्षा कंपनीच्या मालकाने कुणाला दिली नसती.

पाहुणी मिटू लागली. आता मात्र खरी मिटू लागली. बाहेरची पानं आत आली, त्यांच्या पाठी जांभळ्या झाल्या, लव चंदेरी होऊन त्यांच्यावर दाट बसली. आतली पानं त्यांच्या कुशीत शिरली. चकतीची वाटी झाली, वाटीची मूठ झाली. माती कुंडीच्या कडेपासून सुटली. कधी कधी, खोली अगदी शांत असली की, तिच्यातून बारीक करकर ऐकू येतेय असं बाबांना वाटे. कुणीतरी जुनी चिठ्ठी पुन्हा घडी करून ठेवावी तशी. अशा वेळी ते श्वासही जपून घेत. उन्हाने वाट बदलली होती, आता ते कट्ट्यावर येतच नसे, आणि पाहुणी आपल्याच राखाडी उजेडात बसून असे.

"मेली रे," महाराज चहा ओतता ओतता म्हणाले.

"थांबलीये."

"मेलेला आणि थांबलेला यांत फरक काय असतो, ते तूच मला शिकव आता."

"तुम्ही दरबाराच्या प्रवेशात अडायचात ना?"

"विसरायचो."

"नेहमी नाही. कधी विसरायचात, कधी नुसते थांबायचात. विसरलेल्या माणसाचे डोळे पळतात. थांबलेल्याचे जागेवर असतात. विसरलेल्याला शब्द द्यायचा, थांबलेल्याला दिला तर प्रवेश बुडाला. त्यावर पोट भरलं मी."

"मग हिचे डोळे कुठे आहेत?"

बाबा उठले, कट्ट्याशी गेले, पाहुणीच्या मुठीत बघायला वाकले. बराच वेळ वाकून राहिले.

"दिसत नाहीत," ते म्हणाले.

महाराजांनी त्या दिवशी दुसरा चहा मागितला नाही.

मग एका सकाळी सुईने कुंडी काट्यावरून उतरवली आणि तशीच हातात धरून ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. "आता वजन उतरायचं थांबलं," ती म्हणाली. "जेवढं जायचं तेवढं पाणी गेलं." आणि मग, कुंडीकडेच बघत, "काटा रोज सांगायचा, बाबा. एका सकाळी कुंडी हलकी असायची, आणि दुसऱ्या सकाळी पुन्हा जड."

बाबा मोरीपाशी उभे होते, हातात पेला.

"पहिल्यापासून माहीत होतं तुला?"

"वाळत घातलेलं रोप जड कसं होईल?"

"मग बोलली का नाहीस? टोचून बोलायला तुला काय लागतं?"

"काय बोलू?" सुई म्हणाली. "पेला कोण भरून ठेवत होतं? गोळीला दोन घोट पाणी पुरतं. मी काठोकाठ भरत होते. भरायची, तुमच्या हाताशी ठेवायची, आणि जिना उतरताना म्हणायची, आजचा दिवस गेला." तिचा आवाज बारीक झाला, दोऱ्याइतका. "ठाण्यावरून विचारत होते, कधी निघताय. मी सांगायचे, वाळत नाहीये अजून."

बाबा स्टुलावर बसले. नळ ठिबकत होता. त्यांनी हात लांबवून तो घट्ट बंद केला.

"म्हणजे आपण दोघांनी मिळून तिला," ते म्हणाले, आणि पुढचं त्यांना सुचेना. सुईलाही सुचेना.

"आज पाणी द्यायचंय तिला," सुई शेवटी म्हणाली. "उठते का बघायला. तुम्ही द्या."

"मी नको."

"तुम्हीच द्या. चोरून देत होतात, आता समोर द्या."

बाबांनी पेला घेतला. काठोकाठ भरलेला. कट्ट्यापर्यंतची चार पावलं, पण पाणी सांडू न देता ती चालायची म्हणजे मोठाच प्रवास होता. उठली, तर सुई जाणार. नाही उठली, तर तिला आपण मारलं. आणि सुई राहील, पण कशी राहील? रोज संध्याकाळी जिना चढून येईल, पिशवी ठेवेल, आणि रिकाम्या कट्ट्याकडे बघणार नाही. बाबांनी तिचं ते न बघणं आत्ताच डोळ्यांनी बघितलं. मग त्यांनी पेला कलंडवला. माती आधी पाणी घेईना, वरच्यावर मण्यासारखं फिरवत राहिली, आणि मग एकदम प्यायली, आवाज करून.

सुई त्या दिवशी कामावर गेली नाही. दोघं कट्ट्यासमोर बसली. महाराज वर आले, दारातून बघितलं, खाली गेले आणि थोड्या वेळाने स्वतः केलेला चहा घेऊन आले. तो फार वाईट होता. तो तिघांनी प्यायला. खोलीतला उजेड पाण्यासारखा हळूहळू भरत गेला आणि हळूहळू ओसरत गेला. बाहेर कुणीतरी चादर झटकली. पाहुणी हलली नाही. बाबांचा डोळा लागे, उघडे, पुन्हा लागे; दर वेळी वाटे, आपण त्या हिरव्या नाटकगृहात आहोत आणि काचेत उभे असलेले सगळे आपल्याकडे बघताहेत. वाक्यं त्यांनी सांभाळली होती. एकेकाचं वाक्य ते मनात म्हणून बघत.

बाहेरची पानं नाहीच हलली. ती काळी पडलेली, तशीच राहिली. दिवस कलायला लागला तेव्हा सुईने बाबांचं मनगट धरलं आणि त्यांचं बोट मुठीच्या मध्याशी नेलं. अगदी आतलं एक पान, करंगळीच्या नखाएवढं. मघाशी ते खरखरीत होतं. आता बोटाखाली थंड लागत होतं, मऊ, झोपेतून उठलेल्या बाळाच्या कानासारखं. त्याच्या कडेला एक हिरवी रेघ होती. ती सकाळी नव्हती, हे बाबा शपथेवर सांगू शकले असते.

"उठली," सुई म्हणाली.

सकाळपर्यंत तशी आणखी काही पानं उलगडली. अर्धी पाहुणी जगली होती. अर्धी सुईने कात्रीने कापून काढली, आणि कापलेली पानं हातात घेऊन उभी राहिली.

"मी असं करते," ती म्हणाली, "आधी आठ दिवस जाऊन येते. मग पंधरा दिवस. महिन्यातून एकदा तर येईनच. लांब आहे, पण शनिवारची गाडी धरली तर..."

"नको," बाबा म्हणाले.

"नको काय?"

"अर्धा अर्धा घोट नको." बाबा उठून तिच्याजवळ आले, तिच्या हातातली काळी पानं त्यांनी आपल्या हातात घेतली. "गेलीस की नीट राहा तिथे. मला सारखी उठवू नकोस, स्वतःही उठू नकोस. तिथे ओल येते त्या दिवसांत तुला काम असेल. ती सरली की ये, आणि येशील तेव्हा चांगली भरपूर ये. पंख्याखाली लोळायला ये. भांडायला ये."

"आणि तोवर तुम्ही?"

"महाराज चहा करायला शिकताहेत," बाबा म्हणाले. "तेवढं एक संकट सोडलं तर मला काय धाड भरलीय?"

सुई हसली आणि हसता हसता तिचं नाक लाल झालं. मग तिने नाक पुसलं, स्टूल ओढून माळ्याखाली आणलं आणि ट्रंक काढायला वर चढली. ट्रंक मागे गेली होती, तिला टाचा उचलाव्या लागल्या. बाबांनी खाली बसून स्टुलाचे दोन पाय दोन्ही हातांनी धरले.

"हलू देऊ नका हं," ती वरून म्हणाली.

"नाही हलत. ओढ तू."

वरून धूळ पडत होती. ती डोळ्यांत जाऊ नये म्हणून बाबांनी मान खाली घातली, आणि हात तसेच ठेवले.